दोन मिली थुंकी

हडपसरला कालव्याकडेच्या कैकाडी वस्तीत
आम्ही एकाच स्कूटरवर गेलो.
श्रीनिवास पाषाणच्या प्रयोगशाळेतला, त्याच्या पिशवीत नळ्या.
मी येरवड्याला शब्द वेचणारी, माझ्या पिशवीत रेकॉर्डर
आणि दोनशे शब्दांची यादी:
पाणी, दगड, जीभ, ऊ, राख, मरणे.

काम दोघांचंही एकाच तोंडाकडे.

तानूबाई टोपलीचं बूड विणत होत्या.
दातांवर मिश्री.
श्रीनिवास म्हणाला, चूळ भरा, मग अर्धा तास काही नको.
"थुकायलाबी मुहूर्त?"
त्या हसल्या, आणि एक ओली काडी दातांत धरली.

तेवढ्या अर्ध्या तासात मी यादी काढली.

पाणी?
तन्नी.
जीभ?
आधी जीभच काढून दाखवली, शब्द मागाहून.
थोरली बहीण?
"अक्का. तुमच्यातबी अक्काच की.
कुणी कुणाचं नेलं?"
तेच शोधतोय, मी म्हटलं.
"घावलं की आणून द्या."

राखेपाशी त्या अडल्या.
सुनेनं आतून एक शब्द टाकला, तिच्या माहेरचा, इंदापूरकडचा.
"त्यो आमचा न्हवं!"
दोघींची जुंपली.
मी दोन्ही लिहून घेतले.
दहाच्या पुढचे आकडे मराठीत.
"दहाच्या म्होरं मोजायला हुतंच काय आमच्याकडं?"
आणि मग, न विचारता,
"पोलीस आला, की ह्याच बोलीत गप बसायचो आम्ही."

रेकॉर्डरवर ते गप्प बसणंही आहे.
अकरा सेकंद.

नात करिश्मा, नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला.
तिनं नळी एका दमात भरून दिली.
नाक हुबेहूब आजीचं,
नक्कल करताना एकच चूक झालेली: चमकी.
शब्द एकही येत नव्हता.
"बसमध्ये आजी तसं बोलायला लागली
की मी खिडकीबाहेर बघायचे," ती म्हणाली,
आणि आत्ताही
तिथं खिडकी नसताना
बाहेर बघत राहिली.

परतताना मगरपट्ट्याच्या सिग्नलला श्रीनिवास म्हणाला,
आमचं बरं असतं. रक्त एकाच वाटेनं येतं, आईबापाच्या.
मी म्हटलं, शब्द विरजणासारखे.
शेजारीण चमचाभर मागून नेते,
देणारीचं काही कमी होत नाही,
आणि सकाळी घेणारीचं पातेलंभर दूध
मुळात कुणाचं, सांगता येत नाही.
पण चुका तर तुम्हीही मोजता ना, तो म्हणाला.
मोजतो.
उतरवून घेणारा कुठंच चुकला नसता
तर कोण कुणापासून निघालं
हे ना त्याला कळलं असतं, ना मला.
सिग्नल सुटला. मागचा टेम्पो शिव्या देत होता,
त्यातली एक मी यादीत घेण्यासारखी होती.

दीड महिन्यानं अहवाल आला.
नमुना सोळा, करिश्मा: उत्तम.
नमुना सतरा, तानूबाई: अपुरा.
दोन मिली हवी होती, तोंड कोरडं पडलं होतं,
सगळी ओल माझ्या शब्दांत गेली होती.

तर आता
नातीचं रक्त पाषाणच्या फ्रीजमध्ये,
आजीची बोली येरवड्याच्या लोखंडी कपाटात,
आणि मध्ये अख्खं पुणं, नदीसकट.

माझं तानूबाईंशी नातं काही नाही.
तरी परवा धायरीत टँकर आला
आणि गच्चीवरून मीच ओरडले,
तन्नी आली!
खालच्या मजल्यावरची म्हणाली, काय आलं?
काही नाही, पाणी.

आज सकाळी तिचा चार वर्षांचा मुलगा
बादली वाजवत जिना उतरत होता:
ताणी आली, ताणी आली.

मी आत येऊन लिहून ठेवलं.
चुकीसकट.
तारीख घालून.